पिल्लू घरात आलंय तर

अगं, कुत्र्याचं पिल्लू आणलंस, फार छान केलंस. आता आधी घरातल्या सतरंज्या, पायपुसणी आणि बाथरूमबाहेरचा तो मऊ गालिचा उचलून माळ्यावर टाक. शू-शीची जागा पिल्लू पायांनी ओळखतं. मऊ, ओल शोषणारं काही पायाला लागलं की इथे मोकळं व्हायचं, एवढंच ते शिकत असतं. मग शू-शीसाठी अंथरलेलं पॅड कुठलं आणि पायपुसणं कुठलं, हे त्या बिचाऱ्यानं कसं ओळखायचं?

पॅडचा कोपरा त्याच्या वाटीपासून आणि गोधडीपासून लांब हवा, कारण झोपायच्या जागी घाण करायला ते सहसा तयार होत नाही. पण फार लांबही नको, पोहोचेपर्यंत वाटेतच होऊन जाईल. बाल्कनीच्या दाराजवळ ठेवलंस तर पुढे रोज वीतभर सरकवत बाहेर नेता येईल. सुरुवातीला दोन-तीन पॅड जोडून अंथर. नीट बघ, पुढचे पाय पॅडवर टेकले की त्याला वाटतं आपण पोहोचलो, आणि मागची धार सरळ फरशीवर जाते. जागा मोठी असली की हे होत नाही.

झोपून उठलं, खेळून झालं, खाऊन पंधरा-वीस मिनिटं झाली, की त्याला पॅडवर न्यायचं. मधेच खेळ सोडून फरशी हुंगत गोल फिरू लागलं, तर लगेच उचल. दोन महिन्यांचं पिल्लू जेमतेम दोन तास दम धरतं, तीन महिन्यांचं तीन. म्हणून रात्री गजर लावून उठावं लागेल. पाणी मात्र तोडू नकोस, उकाड्यात तर मुळीच नको.

पॅडवर झालं की तिथल्या तिथे उकडलेल्या चिकनचा नखाएवढा तुकडा दे. खाऊ आणायला स्वयंपाकघरात गेलीस की वेळ गेली. भलतीकडे झालं तर गप्प पुसून टाक. त्यात त्याचं नाक घासायला सांगणारे पुष्कळ भेटतील, कुणाचं ऐकू नकोस. त्यानं पिल्लू माणसासमोर शू करायला घाबरतं आणि मग गुपचूप सोफ्यामागे जातं.

पुसायला फिनाईल नको. ते पायाला लागतं आणि पिल्लू पाय चाटतं. अमोनिया असलेलं क्लीनरही नको, त्याचा वास त्याला शूसारखाच येतो. एन्झाइमवालं क्लीनर सगळ्यात चांगलं. नाहीतर व्हिनेगरचं पाणी चालेल, पण फरशी संगमरवरी असेल तर तेही नको, डाग पडतात. जुन्या पॅडचा वासाचा तुकडा मात्र नव्याखाली सरकवून ठेव. पॅड फाडत असेल तर जाळीचा ट्रे घे, आतली जेल पोटात जाता कामा नये.

लसी पूर्ण होऊन डॉक्टर हो म्हणेपर्यंत त्याला सोसायटीच्या बागेत उतरवू नकोस. पार्व्होचा विषाणू मातीत महिनोन्महिने टिकतो, आणि पिल्लं त्यानं दगावतात. तोवर पॅडच बरं. नंतर बाहेरची सवय लागली तरी पावसाळ्यापुरतं एक पॅड राहू दे.

आणि नीट शिकलेलं पिल्लू अचानक थेंब थेंब, सारखं, कुठेही करू लागलं तर रागावू नकोस. मूत्रमार्गाला संसर्ग झालेला असू शकतो. त्याच दिवशी डॉक्टरांकडे ने.