गोळी ओळखताना घाई नको
हात लांब करून अंगठ्याचं नख पाहा. एका वेळी डोळ्याला बारीक अक्षर स्पष्ट दिसतं ते साधारण तेवढ्याच जागेत. बाकीचं धूसर, ते मेंदू जुन्या ओळखीवरून भरून काढतो. लाल-चंदेरी पाकीट दिसलं की ठरवतो, 'हीच बीपीची गोळी.' लक्ष गप्पांत असेल तर समोरचं नावही वाचलं जात नाही. नर्स असताना आम्हीही एकदा शुगरच्या गोळ्यांऐवजी भलतंच पाकीट उचललं होतं. सोबतच्या सिस्टरने नाव मोठ्याने वाचलं म्हणून निभावलं.

आजीच्या बीपीच्या आणि शुगरच्या गोळ्या वेगळ्या डब्यांत ठेवा. नाव छापलेली कड शेवटपर्यंत फाडू नका. बोट ठेवून वाचा. इंग्रजी येत नसेल तर शाळकरी नातीला बोलवा. तेवढा वेळ टीव्ही बंद.