विहिरीच्या काठावर शिकलेलं

१. पर्यावरणाचा विषय विज्ञानवाल्यांचा, असं मी बरीच वर्षं मनात धरून होतो. १९९१मध्ये सर्वोच्च न्यायालयाने हे शिक्षण सर्वांना द्या असं सांगितलं आणि पुढे पदवीच्या साऱ्या शाखांना तो विषय सक्तीचा झाला, तेव्हा कॉमर्सच्या मुलांना काय शिकवायचं हा मला प्रश्नच पडला होता. मग एका शिबिरात मी फळ्यावर लिहिलं : एक हेक्टरवर एक मिलिमीटर पाऊस म्हणजे दहा हजार लिटर पाणी. हिवरे बाजारची ग्रामसभा दरवर्षी पाण्याचा ताळेबंद मांडते आणि पाऊस कमी झाला तर पिकं त्या बेताने ठरवते, हेही सांगितलं. बी.कॉम.च्या एका मुलीने विचारलं, "सर, जमेची बाजू कळली. खर्चाची कोण खरी सांगणार?" हा प्रश्न मला कधी सुचलाच नव्हता.

२. आपण मोजतो ते बहुधा आपल्याला सोयीचं असतं. पुरंदर तालुक्यातल्या एका गावात आम्ही तीन दिवस फिरून चोवीस विहिरींची पाणीपातळी टेपने घेतली, नकाशा रंगवला आणि शेवटच्या संध्याकाळी देवळात गावापुढे मांडला. मुलं खुशीत होती, मीही. मागे बसलेल्या एका आजींनी विचारलं, "आमच्या वाडीची हीर कुठाय यात?" ती नव्हती. वाडी टेकाडापलीकडे, तिथे गाडी जात नव्हती. आमच्या चोवीसही विहिरी रस्त्यालगतच्या निघाल्या! आपल्या बेसाल्टमध्ये पाणी भेगांतून आणि झिजलेल्या थरातून फिरतं, शंभर पावलांवर चित्र बदलतं, हे मीच वर्गात घसा कोरडा करून सांगत आलोय. आणि ज्यांना पाण्याची सगळ्यांत जास्त ओढ, नेमकी तीच माणसं आमच्या नकाशात नव्हती. त्या रात्री मला झोप लागली नाही. सकाळी निघण्याआधी आम्ही टेकाड चढून गेलो.

३. पाणी किती आहे ते शास्त्र सांगतं, ते कोणाचं हे सांगत नाही. विलासराव साळुंखे इंजिनिअर, पुण्यातले कारखानदार. १९७२च्या दुष्काळाने हेलावून ते याच तालुक्यात नायगावला आले आणि पाणी पंचायत उभी राहिली. तिथे पाणी जमिनीच्या मापाने नव्हे, घरातल्या माणसांच्या संख्येने : माणशी अर्ध्या एकरापुरतं, कुटुंबाला फार तर अडीच एकरांपुरतं. भूमिहीनालाही वाटा, आणि उसाला मनाई. हा नियम ऐकला की वर्गात दरवेळी भांडण जुंपतं. बागायतदारांची मुलं एकीकडे, बाकीची दुसरीकडे. पूर्वी मी ते मिटवायचो. आता तास संपला तरी चालू देतो. उद्या यातलंच कोणी ग्रामसभेत बसणार आहे.

४. नेतृत्व शिकवता येतं का, मला अजून सांगता येत नाही. गडचिरोलीतल्या मेंढा-लेखा गावाने आधी अभ्यासगट बसवले, मग सर्वसहमतीने निर्णय घेतले. बोलण्याआधी अभ्यास, हा क्रम मला फार मोलाचा वाटतो. आमच्या शिबिरात आता पहिला दिवस नुसता ऐकण्याचा असतो.

५. वाडीची ती विहीर आता आमच्या वहीत पहिल्या क्रमांकावर आहे. गेल्या मे महिन्यातली नोंद त्याच कॉमर्सच्या मुलीच्या अक्षरात : "तळाला दीड फूट. आजी म्हणतात, पंधरा दिवस पुरेल."