टकिलाच्या गावी एक दिवस : घायपाताच्या पिकापासून घ्यावयाचा धडा

आपल्याकडे दख्खनच्या माळरानावर बांधाच्या कडेने घायपात उभे असते. कित्येक भागांत त्यास केकताड म्हणतात. गुरांनी शेतात शिरू नये म्हणून ते लावले जाते आणि त्याच्या पानांपासून निघणाऱ्या वाखाचे दोर वळले जातात. याहून अधिक मोल या वनस्पतीचे असेल असे सहसा कोणाच्या मनात येत नाही. परंतु या कुळाचे मूळ घर जो मेक्सिको देश, तेथे घायपाताच्याच एका जातीवर एका संपूर्ण मुलखाची शेती, कारखानदारी आणि कीर्ती उभी आहे. त्या जातीपासून होणाऱ्या मद्यास टकिला म्हणतात आणि ज्या गावावरून हे नाव पडले त्या गावाचे नावही टकिला असेच आहे.

नोव्हेंबर २०२४ मध्ये मला हे गाव एक दिवस पाहावयास मिळाले. मद्यपानाचा पुरस्कार करणे हा या लेखाचा हेतू नाही, हे आरंभीच सांगितले पाहिजे. शेतातील पीक, त्यावरील प्रक्रिया, त्यास मिळालेले नाव आणि त्या नावाचा शेतकऱ्यास होणारा लाभ, या चार गोष्टींचा परस्परसंबंध तेथे एका दिवसात नजरेस पडतो. तो समजून घेणे आपल्या उपयोगाचे आहे.

वाटेवरचे शिवार

हालिस्को हे मेक्सिकोच्या पश्चिमेकडील राज्य. ग्वादालाहारा ही त्याची राजधानी. तेथून वायव्येस सुमारे साठ-पासष्ट किलोमीटरवर टकिला गाव आहे. सकाळी बसने निघाले असता एल आरेनाल आणि आमातितान ही गावे वाटेत लागतात. ठराविक दिवशी प्रवाशांसाठी आगगाडीही सुटते. एल आरेनाल जवळ आले की दोन्ही बाजूंस निळसर रंगाचे पट्टे दिसू लागतात. हीच निळ्या घायपाताची शेते. मागे टकिला नावाचा जुना ज्वालामुखी पर्वत उभा आहे. त्याच्या राखेपासून व लाव्ह्यापासून झालेल्या जमिनीत हे पीक वाढते. हे शिवार आणि तेथील जुने कारखाने यांचा युनेस्कोने २००६ साली जागतिक वारशाच्या यादीत समावेश केला. शेतकऱ्याने कसलेली जमीन राजवाड्यांच्या व देवळांच्या पंगतीस बसली, ही गोष्ट ध्यानात ठेवण्याजोगी आहे.

या पिकाची लागवड बियांपासून करीत नाहीत. केळीस जसे मुनवे फुटतात तशी मोठ्या झाडाच्या बुडाशी पिले फुटतात. ती काढून पावसाळ्याच्या तोंडी ओळीने लावतात. हेक्टरी साधारणतः अडीच ते साडेतीन हजार झाडे बसतात. त्यानंतर पीक हाती येण्यास सहा ते आठ वर्षे लागतात. घायपाताची पानांवरील रंध्रे दिवसा मिटलेली व रात्री उघडी असतात. त्यामुळे उन्हाच्या वेळी पाणी उडून जात नाही आणि कमी पावसातही झाड तग धरते. मधल्या वर्षांत तण काढणे, कीड-रोगांवर लक्ष ठेवणे आणि फुलाचा दांडा येताच तो छाटणे ही कामे असतात. दांडा वाढू दिल्यास झाडाने वर्षानुवर्षे साठविलेली साखर फुलोऱ्यात खर्च होते आणि फुलोऱ्यानंतर झाडच मरते.

हिमादोरचे काम

तोडणी करणाऱ्या कामगारास तेथे हिमादोर म्हणतात. त्याचे हत्यार कोआ या नावाचे आहे. लांब दांडा आणि टोकास गोल, सपाट, धारदार पाते, असे त्याचे रूप असते. त्याने प्रथम झाड मुळापासून सोडवावयाचे आणि मग सारी पाने बुडाशी तासून काढावयाची. उरतो तो गड्डा. तो अननसासारखा दिसतो, म्हणून त्यास स्पॅनिश भाषेत अननसाचेच नाव दिलेले आहे. सर्वसाधारण गड्डा तीस-चाळीस किलोंचा असतो आणि त्याहून कितीतरी मोठेही मिळतात.

आमच्यासमोर एका कामगाराने काही मिनिटांतच एक गड्डा मोकळा केला. त्यानंतर मी कोआ हाती घेऊन पाहिला. दोन पाने काढता काढताच दंड भरून आले. हे काम अजूनही माणसाच्या हातानेच होते आणि बहुधा बापाकडून मुलाकडे जाते. कोणते झाड पक्व झाले व कोणते अजून कच्चे आहे, याची पारख हेही त्या कामाचेच अंग आहे. पानाचा हिरवा भाग गड्ड्यास अधिक राहिला तर मद्यास कडवटपणा येतो. यास्तव कारखान्यातील गुणवत्ता शेतातच ठरू लागते, असे म्हणावयास हरकत नाही.

भट्टीपासून पिंपापर्यंत

दुपारी कारखाना पाहिला. गड्ड्यात जी साखर असते ती इन्युलिन या स्वरूपात साठविलेली असते. ती सरळ आंबत नाही. म्हणून गड्डे फोडून विटांच्या भट्टीत वाफेवर एक-दोन दिवस शिजवितात. अनेक कारखान्यांत हेच काम दाबाखालील मोठ्या पोलादी भांड्यांत थोड्या वेळात होते. शिजल्यावर तो गर रताळ्यासारखा गोड व तपकिरी होतो. पूर्वी ज्वालामुखीच्या दगडाचे एक मोठे चाक जनावरांकडून फिरवून तो पिळीत. या चाकास ताओना म्हणतात. काही थोड्या ठिकाणी ते अद्याप चालते. इतरत्र चरक आले आहेत. निघालेला रस आंबविला जातो आणि त्याचे बहुधा दोनदा ऊर्ध्वपातन होते. एक लिटर शुद्ध घायपाताच्या टकिलासाठी अदमासे सात किलो गड्डा लागतो.

लाकडी पिंपात ठेवण्याच्या काळावरून मालाचे प्रकार ठरतात. बहुधा पिंपात न मुरविता भरलेला तो ब्लांको, निदान दोन महिने ठेवलेला रेपोसादो, निदान एक वर्ष ठेवलेला आन्येहो. तीन वर्षांहून अधिक काळ मुरविलेल्या मालासाठी २००६ साली निराळा वर्ग मान्य झाला.

उरलेला चोथा कुजवून खत करतात. परंतु एक लिटर मालामागे सुमारे दहा लिटर आम्लधर्मी सांडपाणी निघते आणि त्याची विल्हेवाट हा तेथील मोठा प्रश्न आहे. साखर कारखान्यांजवळच्या आसवन्या ज्यांनी पाहिल्या आहेत, त्यांस हा प्रश्न निराळा समजावून सांगण्याचे कारण नाही.

नावाचे संरक्षण

गावातील संग्रहालयात या धंद्याचा इतिहास मांडलेला आहे. स्पॅनिश लोक येण्यापूर्वीही मेक्सिकोतील लोक घायपाताचा रस आंबवून पीत असत. ऊर्ध्वपातनाची विद्या पुढे आली. १७९५ साली स्पेनच्या राजाने क्वेर्व्हो घराण्यास हे मद्य गाळण्याचा परवाना दिला. मात्र आपल्या दृष्टीने महत्त्वाचे साल १९७४ होय. त्या वर्षी मेक्सिको सरकारने टकिला या नावास कायद्याचे संरक्षण दिले. संपूर्ण हालिस्को आणि इतर चार राज्यांतील ठरलेले तालुके यांच्याबाहेर तयार झालेल्या मद्यास हे नाव लावता येत नाही. जातही एकच, निळे घायपात. किमान एक्कावन्न टक्के साखर याच पिकाची असली पाहिजे आणि ‘शंभर टक्के घायपात’ असे लिहावयाचे तर सर्वच्या सर्व. प्रत्येक बाटलीवर कारखान्याचा क्रमांक छापावा लागतो. या साऱ्यावर १९९४ पासून एक नियामक मंडळ देखरेख ठेवते आणि त्यात शेतकऱ्यांचेही प्रतिनिधी असतात.

सहलीत जे दाखविले जात नाही

येथवरचा भाग वाटाड्याने उत्साहाने सांगितला. परंतु परतताना आमातितानच्या वाटेवर बस थोडी थांबली, तेव्हा रस्त्यालगतच्या एका शेतात तोडणीची वेळ टळून गेलेले पीक उभे दिसले. शेजारी असलेल्या वृद्ध शेतकऱ्यास दुभाष्यामार्फत कारण विचारले. भाव चढा असताना त्याने लागवड केली होती. आता तोडणीची मजुरी व वाहतूकही निघेना, म्हणून गड्डे शेतातच राहिले, असे त्याने सांगितले. पक्व होऊन गेलेले झाड फार काळ थांबत नाही. ते कुजू लागते. सात वर्षांची कमाई डोळ्यांदेखत मातीत जात होती.

हे एकट्याचे दुर्दैव नव्हे. १९९० नंतरच्या दशकाच्या अखेरीस रोग, थंडी आणि आधीच्या मंदीत घटलेली लागवड यांमुळे पिकाची तीव्र टंचाई झाली आणि २००० च्या सुमारास भाव गगनास भिडले. सर्वांनी लागवड वाढविली. ते सारे पीक एकाच वेळी तयार झाले आणि भाव कोसळले. मग लागवड घटली व पुन्हा टंचाई आली. २०२० च्या आसपास किलोस पंचवीस पेसोंहून अधिक भाव मिळत होता. २०२२ मध्ये टकिलाचे उत्पादन सुमारे ६५ कोटी लिटरांवर गेले. परंतु २०२४ मध्ये गड्ड्याचा भाव दहा पेसोंच्याही खाली आला होता. बाटलीचे नाव तेच, कायदा तोच; मात्र सात वर्षांपुढचा बाजार आजच्या भावावरून ओळखता येत नाही आणि या चुकीचा भार शेतकऱ्याच्या शिरावर पडतो. मोठे कारखाने जमिनी खंडाने घेऊन स्वतःची लागवड करतात, त्यामुळे मंदीत स्वतंत्र शेतकऱ्याचा माल मागे राहतो.

दुसरी अडचण बियाण्याची. सारी झाडे पिलांपासून वाढविलेली, म्हणजे एकाच रक्ताची. एक रोग आला की सर्वांस तो सारखाच बाधतो. दांडे छाटल्यामुळे फुले नाहीत, फुले नाहीत म्हणून बी नाही आणि या फुलांच्या मधावर जगणाऱ्या वटवाघळांसही अन्न नाही. यावर उपाय म्हणून काही शेतकऱ्यांनी शंभरांतील पाच झाडे फुलू देण्यास आरंभ केला. अशा शेतातील मालास ‘वटवाघूळस्नेही’ ही खूण २०१६ पासून मिळू लागली.

आपण काय घ्यावे

आपल्याकडेही नावाचे मोल कायद्याने मान्य झालेले आहे. भौगोलिक चिन्हांकनाचा कायदा १९९९ साली झाला. त्याखाली गोव्याच्या फेणीची नोंद २००९ मध्ये आणि कोकणच्या हापूसची २०१८ मध्ये झाली. टकिलाच्या उदाहरणावरून गावपातळीवरील कार्यकर्त्यांनी शेतकऱ्यांस पुढील गोष्टी समजावून सांगाव्यात.

१. चिन्हांकनाची नोंद झाली म्हणजे काम संपले असे नाही. ते नाव वापरावयाचे तर प्रत्येक उत्पादकाने अधिकृत वापरकर्ता म्हणून आपली नोंद केली पाहिजे.

२. नाव मालाचे रक्षण करते, भावाचे करीत नाही. भावासाठी उत्पादकांची संघटना, लेखी करार आणि लागवडीच्या एकूण क्षेत्राची खरी माहिती हवी.

३. बहुवार्षिक पिकाची लागवड आजचा भाव पाहून करू नये. सर्व क्षेत्र एकाच वर्षी न लावता टप्प्याटप्प्याने लावावे आणि मधल्या वर्षांच्या खर्चासाठी आंतरपीक घ्यावे.

४. एकाच वाणावर सारे शिवार अवलंबून ठेवू नये.

येथे एक इशारा आवश्यक आहे. आपल्या बांधावरील घायपातापासून टकिला होत नाही. ती जात निराळी आहे आणि ते नाव आपणांस वापरता येत नाही. परवान्यावाचून मद्य गाळणे हा गुन्हाही आहे. असे पीक लावण्याचे आमिष कोणी दाखविल्यास माल कोण घेणार, कोणत्या भावाने घेणार आणि ते कागदावर लिहून देणार काय, हे तीन प्रश्न प्रथम विचारावेत.

शेवटी अभ्याससहलीविषयी. आपण शेतकऱ्यांस घेऊन आदर्श शेते व कारखाने पाहावयास जातो. तेथे यशाची बाजू दाखविली जाते आणि ते स्वाभाविकही आहे. म्हणून निघण्यापूर्वी प्रश्न लिहून न्यावेत, कारखान्यातील तासाइतकाच वेळ शेजारच्या साध्या शेतकऱ्याबरोबर काढावा आणि परत आल्यावर गावच्या बैठकीत दोन्ही बाजू सांगाव्यात. त्या दिवशी संग्रहालयात मी पुष्कळ टिपणे घेतली. परंतु रस्त्याकडेच्या त्या उभ्या पिकाने जे शिकविले ते टिपून ठेवण्याची गरज पडली नाही.