पेटंट म्हणजे काय? हळदीच्या निमित्ताने थोडा विचार

दोन वर्षांपूर्वी आपल्या वार्षिकाच्या ह्याच मराठी विभागात प्रस्तुत लेखकाने शाळेच्या एका माजी विद्यार्थ्याच्या कल्पकतेवर एक लेख लिहिला होता. शाळा सोडल्यावर वडिलांची शेती पाहणाऱ्या ह्या मुलाने हळद घासावयाच्या ड्रमात एक नवी सोय केली होती. तिचे त्या लेखात सविस्तर वर्णन होते आणि खाली त्याने स्वतः काढलेली आकृती छापली होती. तो लेख लिहिताना मला मोठा आनंद झाला. परंतु त्याच लेखामुळे त्या मुलाच्या हातून एक हक्क निसटला, हे मला पुढे कळले. ज्या विषयाचे ज्ञान नाही त्या विषयात पुढाकार घेणे हा शिक्षकास न शोभणारा दोष होय. झालेली हानी आता भरून निघणे नाही. तेव्हा निदान जे त्या वेळी मला ठाऊक नव्हते ते विद्यार्थ्यांपुढे व त्यांच्या पालकांपुढे मांडावे, एवढ्याच हेतूने हा पाठ लिहीत आहे.

'पेटंट' हा शब्द 'उघडे' ह्या अर्थाच्या लॅटिन शब्दापासून आला आहे. पूर्वी राजा एखाद्यास विशेष अधिकार देई तेव्हा त्याचे पत्र मोहोरबंद न करता सर्वांस वाचता यावे असे उघडे ठेवीत. आपल्या सरकारी मराठीत पेटंटास 'एकस्व' म्हणतात. बहुतेकांची समजूत अशी असते की पेटंट म्हणजे काहीतरी गुप्त ठेवण्याची सोय. वस्तुस्थिती नेमकी उलट आहे. पेटंट हा एक सौदा आहे. शोधकाने आपली युक्ती, त्या धंद्यातील दुसऱ्या जाणत्या माणसास तशीच वस्तू करता येईल इतक्या स्पष्टपणे, सरकारदरबारी लिहून द्यावयाची. आणि त्याच्या मोबदल्यात सरकारने अर्जाच्या तारखेपासून 20 वर्षेपर्यंत इतरांस ती युक्ती वापरण्यापासून रोखण्याचा हक्क त्यास द्यावयाचा. मुदत संपली की ती युक्ती सर्वांची. ज्यास युक्ती गुप्तच ठेवावयाची असेल त्याने खुशाल ठेवावी, परंतु मग ती दुसऱ्याने स्वतंत्रपणे शोधून काढली तर तक्रारीस जागा नाही.

आपल्या देशात हा कायदा प्रथम 1856 साली झाला. त्याखालील पहिला अर्ज कलकत्त्याचे एक इंजिनिअर जॉर्ज आल्फ्रेड डीपेनिंग ह्यांचा होता आणि तो होता पंखा ओढण्याच्या यंत्राविषयी! साहेबलोकांच्या कचेऱ्यांतून दोरी ओढीत बसणाऱ्या पंखेवाल्याचे काम यंत्राने करावे, ही ती कल्पना. पुढे 1859, 1888 व 1911 साली नवे कायदे झाले. आज चालू असलेला कायदा 1970 सालचा असून तो 20 एप्रिल 1972 पासून अमलात आला. औषध व अन्न ह्या वस्तूंवर पेटंट देणे त्याने बंद केले होते. केवळ त्या करण्याच्या रीतीवर ते मिळे. 2005 पासून ती बंदी उठली.

आता पेटंट कशास मिळते ते पाहू. कसोट्या तीन आहेत. वस्तू किंवा रीत जगात कोठेही पूर्वी प्रसिद्ध झालेली नसावी, ही पहिली. त्या विषयातील जाणत्या माणसास ती सहज सुचण्याजोगी नसावी, ही दुसरी. आणि ती उद्योगात उपयोगी पडणारी असावी, ही तिसरी. ह्यांतील तिसरी सोपी, पहिली कडक आणि दुसरी सर्वांत वादाची. शिवाय काही गोष्टी कायद्याने मुळातच वगळल्या आहेत. शेती करण्याच्या पद्धतीवर आपल्याकडे पेटंट मिळत नाही; मात्र शेतीच्या अवजारावर मिळू शकते. रोग्यावर उपचार करण्याच्या रीतीवर मिळत नाही. आणि जे मूलतः परंपरेने चालत आलेले ज्ञान आहे, त्यावरही मिळत नाही. हे शेवटचे कलम वाचताना आपल्या भागातील माणसास हळदीची आठवण झाल्याशिवाय राहत नाही.

ती हकीकत अशी. 28 मार्च 1995 रोजी अमेरिकेतील मिसिसिपी विद्यापीठाच्या वैद्यक केंद्रास 'जखम भरून येण्यासाठी हळदीचा उपयोग' ह्या विषयाचे पेटंट मिळाले. त्याचा क्रमांक 5401504. शोधक म्हणून ज्या दोन शास्त्रज्ञांची नावे होती ते दोघेही भारतीय वंशाचे होते. खरचटले की हळद दाबावी, हे ज्या देशात चार वर्षांच्या पोरासही ठाऊक, तेथे ह्या बातमीने खळबळ उडाली यात नवल नाही. त्या वेळी वैज्ञानिक व औद्योगिक संशोधन परिषदेचे महासंचालक डॉ. रघुनाथ माशेलकर हे होते. गोव्यातील माशेल हे त्यांचे गाव, आणि मुंबईत अत्यंत गरिबीत, आईच्या कष्टांवर शिकून ते त्या पदास पोहोचले होते. परिषदेने 1996 च्या ऑक्टोबरात अमेरिकेच्या पेटंट कचेरीकडे फेरतपासणीचा अर्ज केला.

येथे विद्यार्थ्यांनी नीट लक्ष द्यावे, कारण ह्या खटल्याचे मर्म येथेच आहे. "आमच्या आजीला हे ठाऊक होते" ह्या म्हणण्यास त्या कचेरीपुढे काडीचीही किंमत नव्हती. अमेरिकेच्या त्या वेळच्या कायद्याप्रमाणे परदेशातील केवळ तोंडी चालत आलेली माहिती किंवा वहिवाट हा पुरावाच नव्हे. छापील मजकूर असला तरच तो पुरावा. म्हणून परिषदेच्या माणसांनी जुने ग्रंथ धुंडाळले आणि एकंदर 32 आधार पुढे ठेवले. त्यांत संस्कृत, उर्दू व हिंदी ग्रंथांतील उतारे होते, काही शंभर वर्षांहून जुने. आणि भारतीय वैद्यक संघाच्या नियतकालिकातील 1953 सालचा एक निबंधही होता. 1997 च्या ऑगस्टमध्ये अमेरिकन कचेरीने पेटंटातील सर्वच्या सर्व दावे फेटाळले. परंपरागत ज्ञानाच्या आधारावर भारताने परदेशातील पेटंट रद्द करविले, अशी ही पहिली मोठी घटना मानली जाते. त्यातूनच पुढे 2001 साली परंपरागत ज्ञानाचा अंकीय ग्रंथसंग्रह करण्याचे काम सुरू झाले. जुन्या ग्रंथांतील औषधयोग इंग्रजी, जर्मन, फ्रेंच, जपानी व स्पॅनिश भाषांत उतरवून परदेशांतील पेटंट कचेऱ्यांस पाहण्यास देण्याची ही सोय आहे.

ह्या खटल्याविषयी एक गैरसमज मात्र आपल्या पारावर अजून ऐकू येतो. "अमेरिकेने हळदच आपल्या नावावर केली होती, आपल्याला हळद लावायला पैसे मोजावे लागले असते," असे लोक सांगतात. तसे नव्हते. पेटंट ज्या देशाने दिले त्या देशाच्या हद्दीपुरतेच चालते. हिंगोलीच्या बाजारात हळद विकणाऱ्यास किंवा सेनगावात ती जखमेवर लावणाऱ्यास त्या पेटंटाने अडविले नसते. शिवाय ते हळदीवर नसून तिच्या एका उपयोगावर होते. तरीही लढा देणे योग्यच होते, असे माझे मत आहे. पण कारण खरे असताना त्यास खोट्या भीतीची जोड कशाला?

वसमतच्या हळदीस 2024 साली जे भौगोलिक मानांकन मिळाले, त्याचीही पेटंटाशी सरमिसळ होते. मानांकन हा शोधाचा हक्क नव्हे, तो नावाचा हक्क होय. विशिष्ट प्रदेशाच्या मातीमुळे, हवेमुळे व कसबामुळे जो गुण मालास येतो, त्यासाठी त्या प्रदेशाचे नाव राखून ठेवावयाचे, असा त्याचा हेतू. त्यासंबंधीचा कायदा 1999 सालचा. नोंदणीची कचेरी चेन्नईस आहे. मुदत 10 वर्षांची, पण ती पुनःपुन्हा वाढविता येते. हा हक्क एका माणसाचा नसून त्या प्रदेशातील सर्व उत्पादकांचा असतो. वर्धा जिल्ह्यातील वायगावच्या हळदीस व सांगलीच्या हळदीस तो आपल्या आधीच मिळालेला आहे. मात्र नोंदलेल्या क्षेत्रातील शेतकऱ्याने अधिकृत वापरकर्ता म्हणून आपले नाव दाखल केल्याशिवाय पोत्यावर ते चिन्ह लावता येत नाही. पालकांपैकी किती जणांनी ही चौकशी केली आहे? पेपरातील बातमी वाचून आनंद मानणे आणि अर्ज भरणे ह्यांत बरेच अंतर आहे.

बियाण्याची गोष्ट आणखी निराळी. चंद्रपूर जिल्ह्यातील नागभीड तालुक्यात नांदेड नावाचे खेडे आहे. आपल्या शेजारचे नांदेड ते नव्हे. तेथील दादाजी खोब्रागडे हे तिसरीपर्यंत शिकलेले अल्पभूधारक शेतकरी. 1983 च्या सुमारास आपल्या धानात त्यांस काही लोंब्या वेगळ्या दिसल्या. त्यांनी त्या बाजूस काढल्या, पेरल्या, पुन्हा निवडल्या, आणि असे अनेक हंगाम केल्यावर बारीक दाण्याचे, भरपूर उतारा देणारे वाण त्यांच्या हाती आले. त्या काळी एचएमटीची घड्याळे लोकप्रिय होती. व्यापाऱ्यांनी वाणास तेच नाव दिले. वाण राज्योराज्यी गेले, तांदूळ घरोघरी शिजला, आणि दादाजींची गरिबी होती तेथेच राहिली. 2005 साली राष्ट्रपती डॉ. कलाम ह्यांच्या हस्ते त्यांचा गौरव झाला. 3 जून 2018 रोजी ते वारले. त्यांनी वाण शोधले तेव्हा शेतकऱ्याने तयार केलेल्या वाणाची नोंद करण्याचा कायदाच देशात नव्हता. तो 2001 साली झाला. त्यान्वये शेतकऱ्यास आपले वाण स्वतःच्या नावावर नोंदविता येते, व आपल्या शेतातील बियाणे राखणे, पेरणे, दुसऱ्यास देणे व विकणे हा त्याचा हक्कही शाबूत राहतो. फक्त दुसऱ्याच्या नोंदलेल्या वाणाचे बियाणे छाप मारून विकता येत नाही. दादाजींचे चरित्र प्रत्येक शेतकी वर्गात शिकविले जावे असे मला वाटते.

निबंध, कविता, चित्र ह्यांचा स्वामित्वहक्क तर नोंदणीवाचून, लिहिताक्षणीच उत्पन्न होतो व लेखकाच्या मृत्यूनंतर 60 वर्षे टिकतो. ह्या अंकातील तुमचे निबंध तुमचेच आहेत, हे सांगून तो विषय येथेच सोडतो.

आता त्या ड्रमाकडे वळू. शिजवून वाळविलेले हळकुंड जाळीच्या ड्रमात घालून फिरवितात, म्हणजे एकमेकांवर व जाळीवर घासून त्याची साल निघते. घासणे झाले की ड्रम वाकवून रिकामा करावयास दोन माणसे लागत. आपल्या विद्यार्थ्याने आत तिरप्या पट्ट्या अशा बसविल्या की ड्रम उलट फिरविताच माल आपोआप तोंडाकडे येऊन बाहेर पडे. तालुक्याच्या प्रदर्शनात त्याने तो ठेवला, कारण मीच त्यास आग्रह केला. नंतर तो लेख छापला. वर्षभराच्या आत एका कारखानदाराने तसेच ड्रम करून विकावयास आरंभ केला.

मुलगा पेटंटासाठी एका सल्लागाराकडे गेला. पहिला प्रश्न आला, "ही कल्पना कोठे प्रसिद्ध केली आहे काय?" त्याने अभिमानाने आपले वार्षिक पिशवीतून काढून टेबलावर ठेवले. तेथेच काम संपले. शोधकाच्या संमतीने छापलेला मजकूर म्हणजे प्रसिद्धी. मग ते छापणारे मोठे नियतकालिक असो की शाळेचे वार्षिक. केंद्र सरकारने राजपत्रात जाहीर केलेल्या प्रदर्शनात वस्तू मांडली तर 12 महिन्यांची सवलत असते, पण आमचे प्रदर्शन त्यांतले नव्हते. अमेरिकेत शोधकास स्वतःच्या प्रसिद्धीनंतर एक वर्षाची मुभा आहे. आपल्याकडे तशी सरसकट मुभा नाही. ज्या छापील कागदाने हळदीस वाचविले, त्याच छापील कागदाने ह्या मुलाचा अर्ज दाखल होण्यापूर्वीच निकालात काढला.

त्याचे वडील मला भेटावयास आले. "सर, तुम्ही पोराचं नाव छापलं, आम्हाला लई भूषण वाटलं. अंक अजून देवळीत ठेवलाय," एवढे बोलून ते गप्प बसले. रागावले असते तर मला बरे वाटले असते.

निष्पक्षपणे हेही सांगितले पाहिजे की छापले नसते तरी पेटंट मिळालेच असते असे नाही. सडकेवर काँक्रीट कालविणारे यंत्र पाहून आपणास ही युक्ती सुचली, असे तो मुलगा स्वतःच सांगे. तपासनिसाने दुसऱ्या कसोटीवर बोट ठेवून, ही तर जाणत्यास सहज सुचणारी गोष्ट, असे म्हटले असते तर त्यास उत्तर देणे कठीण होते. पण प्रश्न विचारला जाण्याची संधी तरी त्यास मिळावयास हवी होती, आणि ती मी घालविली.

व्यवहाराच्या दृष्टीने पाहता मार्ग असा आहे. शोध पूर्णत्वास गेला नसला तरी तात्पुरत्या वर्णनासह अर्ज करता येतो, त्यामुळे तारीख आपल्या नावे लागते. आणि पूर्ण वर्णन देण्यास 12 महिने मिळतात. महाराष्ट्रासाठी कचेरी मुंबईस आहे, पण अर्ज घरबसल्या ऑनलाइन होतो. एकट्या व्यक्तीस अर्जाची फी 1,600 रुपये पडते. तपासणीची फी निराळी, आणि पेटंट मिळाल्यास ते चालू ठेवण्यासाठी पुढे दरवर्षी भरणा करावा लागतो. खरा खर्च वर्णन लिहून देणाऱ्या एजंटाचा असतो, तो आधी विचारून घ्यावा. आणि पेटंट हाती आले म्हणजे पैसा आला असे समजू नये. मुंबईत जन्मलेले शंकर आबाजी भिसे ह्यांनी टाइप पाडण्याच्या यंत्रापासून कितीतरी वस्तूंचे शोध लावले, दादाभाई नौरोजींसारख्यांचे त्यांस साह्य होते, तरी भांडवलासाठी त्यांस जन्मभर वणवण करावी लागली. 1935 साली ते न्यूयॉर्क येथे वारले.

आपला विद्यार्थी हिरमुसला होऊन बसलेला नाही. त्याच ड्रमाच्या खालच्या भागात त्याने ह्या हंगामात आणखी एक फेरफार केला आहे आणि त्याविषयीचा तात्पुरता अर्ज दाखल झाल्याचा क्रमांक त्याने मला परवाच दाखविला. संपादकांनी त्या नव्या यंत्राची माहिती व आकृती ह्या अंकासाठी मागितली होती. पूर्ण वर्णन दाखल होईपर्यंत त्याविषयी मी येथे एक अक्षरही लिहिणार नाही.