१ मे : एक तारीख, चार स्मरणे

आमच्या गोंदिया जिल्ह्यातल्या एखाद्या शाळकरी पोराला, ‘बाबा रे, १ मे कशाचा दिवस?’ असे विचारावे, तर उत्तर येते, ‘झेंडावंदनाचा’. उत्तर चूक नव्हे, अपुरे आहे. भजनी मंडळींनी तरी या तारखेचे पदर उलगडून पाहावेत, म्हणून हा अभ्यास.

१ मे १९६०, रविवार. त्या दिवशी महाराष्ट्र राज्य झाले. आपला भाग १९५६ पर्यंत नागपूर राजधानी असलेल्या मध्य प्रदेशात होता, पुढे साडेतीन वर्षे द्वैभाषिक मुंबई राज्यात. नंतर १ मे १९९९ रोजी भंडारा जिल्हा विभागून तिरोडा-आमगावपासून अर्जुनी मोरगावापर्यंतचे आठ तालुके गोंदियाकडे आले. हा मेळ ठरवून घातलेला दिसतो; कारण सिंधुदुर्ग आणि जालना हे जिल्हेही १९८१ साली १ मेलाच झाले, आणि १९९९ साली आपल्याच दिवशी परभणीतून हिंगोली निघाला. नामदेवरायांची नर्सी त्या हिंगोलीत. म्हणजे तो जिल्हा आणि आपला, ही जुळी भावंडेच म्हणा ना!

कामगार दिन तर जगाचा आहे. आठ तासांच्या कामासाठी १८८६ साली अमेरिकेत या तारखेला संप झाला, त्याची ती आठवण. आमच्याकडे मात्र तो तेंदूपत्त्याचा हंगाम. पहाटे रानात गेलेल्या बाईला सुटी कसली?

आता चौथे स्मरण. माळकऱ्यांनी तेच विसरावे, याचे आम्हांस वाईट वाटते. १ मे १९४७ रोजी साने गुरुजी पंढरपुरात उपोषणाला बसले. मागणी एकच : विठ्ठलाचे मंदिर अस्पृश्य मानलेल्यांना खुले व्हावे. त्याआधी काही महिने ते महाराष्ट्रभर हिंडून लोकांना हेच समजावत होते. विरोध फार, बसायला जागा देण्यासही पुष्कळ जण कचरत. ती दिली तनपुरे महाराजांनी, आपल्या मठात. म्हणजे पांडुरंगाच्या दारातला हा लढा बाहेरच्या कुणी आणून लादला, असे कुणी म्हणत असेल तर त्याने हा मठ ध्यानात घ्यावा. त्याच वर्षी मंदिर खुले झाले. महाद्वारी नामदेवांची पायरी आहे आणि समोर चोखोबांची समाधी. चोखोबांच्या जातीच्या लेकरांना त्या समाधीपासून गाभाऱ्यापर्यंतची चार पावले टाकायला सहा शतके लागली.

आपण तिथी पाळणारे, तारखेचे काय, असे कुणी विचारील. खरे आहे. १९४७ आणि १९६० साली १ मेला वैशाखाचा शुद्ध पक्ष होता, १९९९ साली वद्य पक्ष लागला होता. तिथीने हे दिवस एकत्र येतच नाहीत. तेव्हा १ मेला, झेंडावंदन उरकल्यावर, सायंकाळच्या हरिपाठानंतर पोरांना घटकाभर बसवून ही पंढरपूरची हकीकत सांगावी. एकादशीची वाट पाहू नये.