जुन्या फुटेजचा खर्च कसा काढावा?

पानशेतच्या पुरावर माहितीपट करायचा, तर १२ जुलै १९६१ चं पुणं आज कुठल्याही कॅमेऱ्यात सापडणार नाही. जुनं फुटेजच लागतं. मग पहिला प्रश्न येतो, 'सेकंदाला किती?' एवढं विचारून भागत नाही. फुटेज आपण विकत घेत नसतो, वापरण्याचा परवाना घेतो. त्याची किंमत अटींवर ठरते.

दर कशावर ठरतो?
कुठे दाखवणार, किती देशांत आणि किती वर्षं, या तीन गोष्टींवर. फक्त महोत्सवांपुरता परवाना स्वस्त पडतो. जगभर, सर्व माध्यमांत आणि कायमचा हवा असेल तर सर्वांत महाग. जाहिरातीसाठीचा दर वेगळा असतो.

किमान आकारणी विचारा
समजा, दर सेकंदाला ५०० रुपये आहे. चार-चार सेकंदांच्या २० क्लिप घेतल्या, तर ८० सेकंदांचे ४०,००० रुपये होतात. पण प्रत्येक क्लिपला किमान १० सेकंद आकारायची अट असेल, तर बिल २०० सेकंदांचं, म्हणजे १,००,००० रुपयांचं येतं. एकाच रिळातली दृश्यं सलग वापरली की हा फरक कमी होतो.

वरचे खर्च
शोधकाम, रिळाचं स्कॅनिंग, मास्टर फाइल आणि कर यांचे आकडे आधीच लेखी घ्या. दृश्यात मागे गाणं वाजत असेल, तर त्याचे हक्क वेगळे घ्यावे लागतात.

मोफत काय मिळतं?
भारतात चित्रपटाचा कॉपीराइट प्रदर्शनाच्या पुढच्या वर्षापासून ६० वर्षं टिकतो. १९६१ मध्ये दाखवलेला वार्तापट म्हणूनच २०२१ अखेर मुक्त झाला. कोयनेच्या भूकंपाचा, १९६७ मध्येच दाखवलेला वार्तापट मात्र २०२७ अखेरपर्यंत बांधलेला आहे. कॉपीराइट संपला तरी प्रत काढून देण्याचा खर्च द्यावाच लागतो. आणखी एक लक्षात ठेवा: पुण्याच्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयात प्रिंट जपलेली आहे, म्हणजे हक्कही त्यांचेच, असं नाही. हक्कदार शोधावा लागतो.

मुदतीवर काटकसर नको
अमेरिकेतल्या नागरी हक्क चळवळीवरची 'आइज ऑन द प्राइज' ही १९८७ ची मालिका फुटेज, छायाचित्रं आणि गाण्यांचे परवाने संपल्यामुळे बरीच वर्षं टीव्हीवर दाखवता आली नाही. नव्यानं पैसे उभे राहिले, तेव्हा २००६ मध्ये ती परतली. एका चळवळीची स्मृती कागदावरच्या तारखेनं अडवली. पैसे कमी असतील तर क्लिप कमी करा, पण मुदत कायमची घ्या.

एडिट लॉक करण्याआधी
वॉटरमार्क असलेल्या प्रतीवर कच्चं एडिट करा. प्रत्येक क्लिपचा रीळ क्रमांक, सुरुवातीचा व शेवटचा टाइमकोड आणि हक्कदार वहीत लिहा. त्या यादीवर लेखी दरपत्रक मागवा आणि आकडा पटला की मगच एडिट लॉक करा. पडद्यावर गेलेली क्लिप नंतर काढणं सगळ्यांत महाग पडतं.