विटांचे अवकाशयान : बांधायचे कसे, परीक्षण लिहायचे कसे



गेल्या सत्रात बाईंनी वर्गाला गृहपाठ दिला होता, तो आठवतो का? आपल्या आवडीच्या एका वस्तूचे परीक्षण मराठीत, दहा वाक्यांत लिहून आणायचे. आमच्या अकरा वर्षांच्या थोरल्याने लेगोचे एक्स-विंग हे अवकाशयान निवडले, वही उघडली, आणि पंधरा मिनिटांनी मिटली. "बाबा, याला मराठीत शब्दच नाहीत. मी या रविवारी वर्गाला येणार नाही," असे त्याने जाहीर केले.

खरे सांगायचे तर आमच्याकडेही उत्तर नव्हते. आमची इंजिनिअरिंगची पदवी इंग्रजीतली, सॉफ्टवेअरची नोकरी इंग्रजीतली. घरात मराठी बोलतो, पण ती जेवणाखाण्याची आणि रागावण्याची. मग आम्ही घरच्या मंडळींनी ठरवले की एक यान स्वतः बांधायचे, आणि बांधताना लागेल तो प्रत्येक शब्द एका वहीत टिपायचा. दहा वाक्यांचा तो गृहपाठ पुरा व्हायला सारा हिवाळा लागला. आजचा पाठ त्या वहीतूनच घेतला आहे.

थोडी ओळख

लेगो ही डेन्मार्कमधल्या बिलुंड गावची कंपनी. ओले कर्क क्रिस्टियानसेन या सुताराने ती १९३२ मध्ये सुरू केली, तेव्हा खेळणी लाकडाची असत. 'लेग गॉट' म्हणजे डॅनिश भाषेत 'छान खेळा'. या दोन शब्दांपासून कंपनीचे नाव झाले. आज आपल्या हातात असते त्या विटेच्या पेटंटसाठी २८ जानेवारी १९५८ रोजी अर्ज केला गेला. १९५८ सालची वीट आजच्या विटेवर घट्ट बसते, हे लक्षात ठेवा. तुमच्या आईबाबांच्या जन्माआधीची वस्तू तुमच्या नव्या खेळण्याला जोडता येते, असे दुसरे उदाहरण सहज सापडणार नाही.

'स्टार वॉर्स'चा पहिला चित्रपट १९७७ मध्ये आला. त्यातली मोठमोठी याने म्हणजे टेबलावरची मॉडेल्स होती. ती बनवणाऱ्या कारागिरांनी दुकानातून रणगाड्यांचे, विमानांचे, मोटारींचे प्लॅस्टिकचे संच आणले, त्यांचे बारीकसारीक भाग सुटे केले आणि यानाच्या अंगावर चिकटवले. अंगावर इतके बारीक काम दिसले की डोळा फसतो आणि तीन फुटांचे मॉडेल मैलभर लांब वाटू लागते. तेव्हा तुम्ही आगीच्या बंबाच्या संचातल्या विटा अवकाशयानाला लावल्यात, तर त्यात लबाडी काही नाही. मूळ कारागिरांचीही रीत तीच होती. लेगोचे 'स्टार वॉर्स' संच १९९९ पासून निघू लागले.

मापांचे गणित

आमच्या वहीतले पहिले तीन शब्द असे : विटेच्या डोक्यावरचा गोल उंचवटा तो गुंडी, जाड तुकडा ती वीट, आणि चपटा तुकडा ती पट्टी.

दोन शेजारच्या गुंड्यांच्या मध्यांमधले अंतर ८ मिलिमीटर असते. विटेची उंची, गुंडी सोडून, ९.६ मिलिमीटर, आणि पट्टीची ३.२ मिलिमीटर. म्हणजे तीन पट्ट्या मिळून एक वीट झाली. इथपर्यंत सर्वांना माहीत असते. आता पुढचे पाहा. पाच पट्ट्या एकावर एक रचल्या तर उंची होते १६ मिलिमीटर, आणि दोन गुंड्यांची रुंदीही तेवढीच, १६ मिलिमीटर. म्हणून पाच पट्ट्यांचा थर आडवा करून दोन गुंड्यांच्या जागेत अचूक बसवता येतो. यानांच्या बाजू गुळगुळीत दिसतात आणि गुंड्या कडेला तोंड करून असतात, त्याचे रहस्य या हिशेबात आहे.

आठ गुंड्यांच्या दोन सारख्या विटा २४ प्रकारे जोडता येतात. अशाच सहा विटा घेतल्या तर प्रकार होतात ९१ कोटी ५१ लाख ३ हजार ७६५. पेटीतली पुस्तिका त्यातला फक्त एक प्रकार दाखवते.

परीक्षण म्हणजे काय?

'मला हे यान खूप आवडले' हे परीक्षण नव्हे. ते तुमचे मत झाले, आणि मत असायलाच हवे. पण वाचणाऱ्याने ते यान पाहिलेले नसते. त्याला काय दिसले, काय मोजले, काय हलवून पाहिले, ते सांगावे लागते. आम्ही पाच प्रश्न ठरवले आणि २०२१ साली निघालेल्या ४७४ तुकड्यांच्या एक्स-विंगला ते विचारले.

पहिला प्रश्न आकाराचा. दहा पावलांवरून पाहिले तर यान ओळखू येते का? एक्स-विंगला चार पंख आहेत, आणि ते उघडले की समोरून फुली दिसते. नाव त्यावरूनच पडले. या मॉडेलची फुली लांबून स्वच्छ दिसते.

दुसरा प्रश्न प्रमाणाचा. चित्रपटाच्या जगात हे यान सुमारे साडेबारा मीटर लांब मानतात. मॉडेल आहे ३१ सेंटिमीटर. भागाकार केला तर उत्तर येते सुमारे ४०. म्हणजे खऱ्याच्या चाळिसाव्या हिश्शाचे मॉडेल. लेगोचा माणूस असतो सुमारे ४ सेंटिमीटर. त्याला चाळिसाने गुणा. १६० सेंटिमीटर, म्हणजे बरोबर माणसाएवढी उंची. यान आणि वैमानिक एकमेकांना शोभतात, ते या हिशेबामुळे.

तिसरा प्रश्न हालचालीचा. काय उघडते, काय मिटते, आणि ते कशामुळे? एक कळ दाबली की चारही पंख उघडतात. इथे लिहिणाऱ्याने 'मस्त' म्हणून थांबू नये. कळ दाबल्यावर जोर कुठून कुठे जातो, ते यान उलटे करून पाहावे.

चौथा प्रश्न मजबुतीचा. पोटाखाली हात घालून या खोलीतून त्या खोलीत नेऊन पाहा. पंखाला धरून उचलू नका. आम्ही उचलले, आणि लेसरची नळी हातात आली. ती चूक उचलणाऱ्याची.

पाचवा प्रश्न खटकलेल्या गोष्टींचा. चित्रपटातल्या यानावर नसलेली, स्प्रिंगने गोळी सोडणारी दोन यंत्रे यावर आहेत. खेळायला गंमत येते, पण आकार बिघडतो. दोन्ही बाजू लिहाव्यात. आमची दोन चिकटचित्रे वाकडी बसली, पण तो दोष यानाचा नाही. दुसऱ्याच्या कामातला दोष आणि आपल्या हातचा दोष वेगवेगळे लिहिणे हा परीक्षणाचा पहिला नियम.

स्वतःचे यान

परीक्षण झाले, आता बांधणी. थोरल्याला स्टार डिस्ट्रॉयर हवे होते. ते भल्यामोठ्या सुरीच्या पात्यासारखे त्रिकोणी यान. चित्रपटाच्या जगात त्याची लांबी १६०० मीटर. एक्स-विंगच्याच प्रमाणात केले तर मॉडेल ४० मीटरचे होईल, बास्केटबॉलच्या मैदानातही मावणार नाही! लेगोने २०१९ मध्ये ४७८४ तुकड्यांचे काढले, तेही ११० सेंटिमीटरचे. चित्रपटासाठी १९७७ साली वापरलेल्या मॉडेलपेक्षाही ते लांब आहे.

आमच्याकडे करड्या पट्ट्या होत्या तेवढ्यात ४० सेंटिमीटरचे यान बसत होते. म्हणजे ४००० पट लहान. या प्रमाणात माणूस अर्धा मिलिमीटरही उरत नाही. "पण मला वर माणसे उभी करायची आहेत," धाकटी म्हणाली. तेव्हा आम्हाला आमचा दिवाळीतला किल्ला आठवला. अंगणात दगड-मातीचा किल्ला करायचो, अळीव पेरायचो, आणि बाजारातून मातीचे मावळे आणून मांडायचो. मावळा दरवाजाहून उंच, आणि वाघ मावळ्याहून मोठा. कुणाचीही तक्रार नसे. तेव्हा माणसे उभी राहिली. परीक्षणात मात्र 'माणसे प्रमाणात नाहीत' असे लिहायचे ठरले.

खरी अडचण पुढे आली. नुसत्या पट्ट्यांचे यान मधोमध वाकले. म्हणून आत लेगो टेक्निकच्या, भोके असलेल्या तुळयांचा सांगाडा केला. एक लांब तुळई कण्यासारखी, आणि मागच्या टोकाला तिच्यावर एक आडवी. पण दोन तुळया एकाच खुंटीवर जोडल्या तर आडवी तुळई घड्याळाच्या काट्यासारखी फिरते. डोळ्यांच्या अंदाजाने एक तिरपा आधार लावून पाहिला, तर भोकासमोर भोक येईना. जोर केला तर तुळई वाकू लागली.

मग पायथागोरसची आठवण झाली. त्रिकोणाच्या बाजू ३, ४ आणि ५ असल्या तर काटकोन आपोआप मिळतो, कारण ९ आणि १६ मिळून २५. आम्हाला मोठा त्रिकोण हवा होता, म्हणून दुप्पट केली : ६, ८, १०. पेटी उपसली, तर लांब तुळया सगळ्या विषम भोकांच्या! पाच, सात, नऊ, अकरा, तेरा, पंधरा. सहा नाही, आठ नाही, दहा नाही. आम्ही दोन संध्याकाळी शोधत होतो. थोरला म्हणाला, "बघ बाबा, आपल्याला हवे तेच नसते." तो पेटीबद्दल बोलत होता की मराठीबद्दल, ते आम्ही विचारले नाही.

कोडे सोडवले ते सात वर्षांच्या धाकटीने, पंजा पसरून. "बोटे पाच, पण फटी चारच!" नऊ भोकांच्या तुळईत पहिल्या भोकापासून शेवटच्या भोकापर्यंत अंतरे आठच असतात. आम्ही भोके मोजत होतो, मोजायची होती अंतरे. म्हणजे ६, ८, १० साठी हव्या होत्या सात, नऊ आणि अकरा भोकांच्या तुळया. तिन्ही समोरच पडल्या होत्या. टेबलावर त्रिकोण जोडला, खुंट्या जराही जोर न करता आत गेल्या. मग यानाच्या कण्यावर आठ अंतरे, आडव्या तुळईवर सहा अंतरे मोजून दोन्ही बाजूंना अकरा भोकांचा तिरपा आधार लावला. सांगाडा ताठ उभा राहिला. आम्ही वीस वर्षे संगणकाचे प्रोग्राम लिहितो, आणि एकाने चुकणारी ही मोजणी आमच्या धंद्यातली नेहमीची चूक आहे. तरी ती धाकटीला दिसली, आम्हाला नाही.

वरचे उतरते पत्रे कसे बसवायचे, हा शेवटचा प्रश्न होता. विटा काटकोनात चालतात, यान तिरपे. लेगोच्या २००२ सालच्या ३०९६ तुकड्यांच्या स्टार डिस्ट्रॉयरमध्ये मोठे पत्रे चुंबकांनी धरून ठेवले होते. आमच्याकडे चुंबक नव्हते. आम्ही पत्रे वेगळे बांधले आणि बिजागऱ्यांवर टेकवले.

आजोबांचे शब्द

दर रविवारी साताऱ्याला फोन असतो. एरवी थोरल्याचे बोलणे ठरलेले : "बरा आहे. जेवलो. आईला देतो." त्या रविवारी आजोबांनी विचारले, "काय बांधताय रे एवढे?" आणि तो सांगू लागला. शब्द अडले तिथे हातवारे केले, ते फोनवर कुणाला दिसणार! पण तीन-चार-पाच म्हटल्याबरोबर आजोबा म्हणाले, "अरे, म्हणजे तुम्ही गुण्या काढलात! आपल्या घराचा पाया आखताना गवंड्याने सुतळीने हेच केले होते. तीन फूट, चार फूट, आणि तिरपे पाच. आणि छपराखाली त्रिकोण असतात ना, आधाराचे, त्याला कैची म्हणतात."

थोरल्याने वही मागवली. "आजोबा, थांबा, लिहून घेतो. बिजागरीतला 'जा' कसा काढायचा?" बोलणे चाळीस मिनिटे चालले, आणि आईला फोन मिळालाच नाही.

शब्द होते, मुलांनो. आम्ही ते शब्दकोशात आणि कार्यालयात शोधत होतो. ज्यांनी हाताने घर बांधले किंवा बांधताना पाहिले, त्यांच्याकडे ते रोजच्या वापरात होते. तुमच्याही घरी फोनच्या त्या टोकाला असे कुणी असेल. त्यांना 'बरा आहे' एवढेच सांगून फोन देऊन टाकू नका. काय बांधता आहात ते सांगा.

परीक्षण अखेर दहा वाक्यांचे झाले, आणि थोरला रविवारी वर्गाला आला. त्याचे शेवटचे वाक्य त्याच्याच शब्दांत देतो : "हे यान पुढून बरोबर दिसते, मागून दिसत नाही, कारण करड्या पट्ट्या संपल्या."

शब्दार्थ

तुळई – भार पेलणारा आडवा दांडा
खुंटी – दोन भाग जोडणारी लहान दांडी
बिजागरी – दार ज्यावर फिरते तो सांधा
गुण्या – काटकोन तपासण्याचे साधन; 'गुण्यात' म्हणजे काटकोनात
कैची – छपराखालचा त्रिकोणी आधार

करून पाहा

१. पाच पट्ट्या म्हणजे दोन गुंड्यांची रुंदी. मग सहा गुंड्यांच्या रुंदीसाठी किती पट्ट्या रचाव्या लागतील?
२. ५, १२ आणि १३ या बाजूंच्या त्रिकोणातही काटकोन असतो. त्यासाठी किती किती भोकांच्या तुळया लागतील? आधी पंजा पसरून फटी मोजा.
३. घरातल्या कोणत्याही बांधलेल्या वस्तूला वरचे पाच प्रश्न विचारा आणि दहा वाक्ये लिहा. त्यांतला निदान एक शब्द आजी-आजोबांना विचारून घेतलेला असावा.

उत्तरे : १) पंधरा. २) सहा, तेरा आणि चौदा. ३) पुढच्या रविवारी वर्गात वाचून दाखवा.